मांजरीचे कान आणि माझं निदान

बायकोच्या मांजरीला झालेल्या कॅन्सरला मी दोन उन्हाळे कोकमाचं तेल चोळलं.

आता यात माझी बाजूही ऐका. आमची हापूसची बाग आहे, आणि बागायतदाराच्या घरात सीझनला अंगावर जे काही उठतं ते आंब्याच्या चिकाचंच असतं. देठ तुटला की चीक उडतो, कातडी भाजते, डाग पडतो, डागावर कोकमाचं तेल लावायचं. वडिलांनी तेच केलं, चुलत्यांनी तेच केलं. ही मांजर तर सदानकदा आंब्याच्या पेट्यांत, पेंढ्यावर लोळायची. पांढरीशुभ्र, कान गुलाबी. त्या कानांच्या टोकांना खपली धरली तेव्हा मी खुर्चीतून न उठताच निदान केलं. चीक.

"गणपती आले तरी चीक?" बायकोने विचारलं.

"जुना आहे. मुरतो तो."

असलं काही नसतं. पण मी ते इतक्या ठामपणे सांगितलं, की पुढे मलाही पटलं.

लेक सासरी गेल्यापासून बायको बोलते ती मांजरीशी. माझ्याशी चालतात त्या सूचना. त्यामुळे दुसऱ्या मे महिन्यात एक कान झिजून रक्त यायला लागलं तेव्हा तिने मला विचारलंसुद्धा नाही. मांजर पेटीत घातली, वर पंचा बांधला आणि रिक्षा बोलावली. मी आपला तेलाची वाटी घेऊन मागोमाग, डॉक्टरांना औषध दाखवायला.

जनावरांच्या डॉक्टरीणबाई वयाने आमच्या लेकीएवढ्या. त्यांनी कान उलटसुलट पाहिला.

"उन्हात बसते का ही?"

"बागेच्या दगडी गडग्यावर, कुंपणाच्या भिंतीवर. सकाळी चढते ती जेवायलाच उतरते," बायको म्हणाली.

"आणि हे चिकट काय लागलंय?"

वाटी मी पाठीमागे धरली.

कानाचा छोटा तुकडा तपासणीला गेला. रिपोर्ट आला तो कातडीच्या कॅन्सरचा.

"शक्य नाही," मी म्हटलं. "ती तंबाखू खात नाही."

"काका, हा उन्हाने होतो. काळ्या मांजराच्या कातडीतला रंग ऊन अडवतो. हिच्या कानांवर रंग नाही, केसही विरळ. गोऱ्या माणसांना उन्हाने होतो ना, त्याच जातीचा आजार." मग त्यांनी समजावून सांगितलं, की म्हणूनच माणसांचे डॉक्टरही अशा जनावरांचा अभ्यास करतात. राहतात आपल्याच घरात, बसतात आपल्याच उन्हात, आणि आजारही आपसूक झालेला, कोणी प्रयोगासाठी दिलेला नाही. मांजराचं आयुष्यही लहान, त्यामुळे माणसात जे दिसायला वर्षानुवर्षं जातात ते इथे लवकर दिसतं.

"पण ही वाचेल ना?" बायकोला एवढंच हवं होतं.

"दोन्ही टोकं कापावी लागतील. पसरला नसेल तर वाचेल. जखमा भरल्या की परत आणा, तेव्हा बघू."

रिक्षात बायको पेटीवर हात ठेवून बसली होती. माझ्या डोक्यात मात्र 'गोऱ्या माणसांना' हे दोन शब्द अडकले. आमचं घराणं गोरेपणाबद्दल प्रसिद्ध. लग्न जमताना माझ्याकडे दाखवण्यासारखं तेवढंच होतं. दुसऱ्या दिवशी आरशात पाहतो तो नाकावर काळा डाग. तसाच उठलो आणि मांजरीचा रिपोर्ट घेऊन माणसांच्या कातडीच्या डॉक्टरांकडे गेलो.

"हा रिपोर्ट कोणाचा?" त्यांनी विचारलं.

"मांजरीचा. पण जनावरांकडून माणसाने शिकायला हवं." मग मी त्यांना त्यांचाच विषय बराच वेळ शिकवला.

त्यांनी नाकाला भिंग लावलं. "आंबे उतरवलेत का एवढ्यात?"

"परवाच."

"चीक उडालाय."

घरी येऊन मी हे आनंदाने सांगितलं. बायको भाकरी थापत होती. "तिला झालं तर चीक, तुम्हाला झालं तर कॅन्सर," ती म्हणाली आणि भाकरी तव्यावर टाकली.

तेव्हा मी मनावर घेतलं. कान कापलेली, गळ्यात प्लास्टिकचा कर्णा घातलेली मांजर घरात कोंडली, की पहिली संधी साधून गडग्यावर. मी गडग्यावर गोणपाटाचा मांडव घातला. ती मांडवाबाहेर जाऊन बसली. मांडव सरकवला, तीही सरकली. शेवटी छत्री धरून तिच्या मागे फिरायला लागलो.

"देवीची पालखी काय हो?" शेजाऱ्याने गडग्यापलीकडून विचारलं.

मग लेकीने ठेवलेलं उन्हाचं क्रीम सापडलं. एवढं शास्त्र शिकल्यावर कर्णा काढून ते मांजरीच्या कानांना लावणं ओघानेच आलं. मांजरीने ते पंजाने पुसून चाटून साफ केलं आणि माझ्या आरामखुर्चीवर ओकली.

जखमा भरल्यावर पुन्हा गेलो. डॉक्टरीणबाईंनी मांजरीच्या गळ्याखाली बराच वेळ चाचपलं. बायको टेबलाची कड धरून उभी होती. मी मधल्या शांततेत क्रीमची हकिकत सांगून टाकली.

"माणसांचं क्रीम?" त्या हात न थांबवता म्हणाल्या. "मांजराच्या पोटात गेलं तर विष होतं ते, काका."

मग हात काढून त्या बायकोकडे वळल्या. "गाठ कुठे लागत नाही. पसरलेलं वाटत नाही. वाचली म्हणायची."

बायकोने पदराने डोळे टिपले. "आता हिला कशाकशापासून जपायचं?"

"दुपारच्या उन्हापासून," डॉक्टरीणबाई हात धुता धुता म्हणाल्या, "आणि काकांपासून."