तारे पाहायला विझवलेला दिवा

मंडळी, किहीमला सुट्टीला आलेल्या आपल्या सगळ्यांसाठी हा कागद खानावळीच्या फळ्यावर लावतेय. वाचा आणि मगच चहाला बसा.

आज पहाटे आम्ही काहीजण पुण्याच्या मास्तरांबरोबर डोंगरावर तारे पाहायला गेलो होतो. वर देवळापुढे खांबावर कंदील जळत होता. उजेडात तारे फिके दिसतात म्हणून मास्तरांनी तो विझवला. खरंच, आकाश ताऱ्यांनी गच्च भरलं. मास्तर वृश्चिकाची नांगी दाखवू लागले.

तेवढ्यात देवळामागे पाणी आणायला गेलेली कोळीण धावत आली. "दिवा कोनी विझवला? आज दिवा राखायची पाळी माझी हाय. शेवटची होडी येईपर्यंत तो जळला पायजे. याच्या खुणेनं आमची मानसं खडक चुकवतात. माझा घरवाला अजून आलेला न्हाय."

वाऱ्यात काडी पेटेना. आम्ही पदर, टोप्या आडोशाला धरल्या. एकदाचा कंदील लागला, पण खाली समुद्रात काहीच दिसेना. ताऱ्यांकडे मग कोणी मान वर केली नाही.

उजाडता उजाडता त्या शेवटच्या होडीचं शीड दिसलं. ती बाई डोंगर उतरून गेली.

परतताना मास्तर म्हणाले, उद्या पुन्हा येऊ, दिवा थोडाच वेळ विझवू.

उद्या मीही जाणार आहे, पण त्या दिव्यापाशी बसायला. सोबतीला कोण येतंय?