नाल्यापलीकडचा सरकता मुलूख

आमच्या नकाशा मंडळाच्या कपाटात नकाशे फार टिकत नाहीत, किस्से मात्र ढिगानं साचलेत! नकाशा चार दिवसांत जुना होतो आणि रद्दीत जातो. किस्सा कुणी रद्दीत घालत नाही, उलट दर चहाला तो थोडा मोठाच होतो. मी शाळेत चित्रकला शिकवतो, त्यामुळे रंगवून सांगायची सवय मलाही आहे. तरी खालचं सगळं घडलं तसंच सांगतोय.

नवख्यांसाठी एवढंच. पातूरच्या डोंगरामागे एक नाला आहे. अलीकडे सगळं ठीक. पलीकडे मात्र गावं, टेकड्या, विहिरी जागच्या जागी राहत नाहीत. का, ते आम्हालाही माहीत नाही. अकोल्यात जठारपेठेतल्या एका झेरॉक्सच्या दुकानावर मंडळाची खोली आहे, आणि त्या मुलखाचा नकाशा काढायचाच, असा आमचा जुना हट्ट आहे.

तो हट्ट वाढवला नाल्याअलीकडच्या भातकुलीच्या शेवंताताईंनी. सात वर्षांपूर्वी एका सकाळी त्यांचं माहेर, निंबोळी, भाऊ-वहिनी आणि पिठाच्या गिरणीसकट नाल्यापलीकडे सरकलं. तेव्हापासून भावाचा फोन लागत नाही. ताई दुसऱ्याच आठवड्यात मंडळात आल्या.

मंडळाचा नियम असा, की सात वर्षांत ज्या गावात आपल्यापैकी कुणाचा पाय पडला नाही, त्याचं नाव भिंतीवरच्या यादीतून पुसायचं आणि शोध थांबवायचा. नियम केला आमच्या अध्यक्षांनी, नानांनी. नाना मोजणी खात्यातून रिटायर झालेले, नियमाला पक्के. यंदा निंबोळीचं सातवं वर्ष. ताई त्यांना तोंडावर म्हणाल्या, "नाव पुसाले याल तवा मी भिंतीपुढं उभी राहीन. पुसा मंग!"

* * *

मोजणीला एक पक्का बिंदू लागतो, अजिबात न हलणारा. एकदा पलीकडे नानांनी टेकडी धरली. आमचं जेवण होईपर्यंत ती डावीकडे निघून गेली. मग देऊळ धरलं, तेही गेलं. नाना डोक्याला हात लावून बसले.

आमचे इंगळे वकील तोवर निंबाखाली सतरंजी टाकून झोपले होते. बघता बघता निंब सरकला, सावली सरकली, आणि वकील भर उन्हात तिथंच घोरत राहिले!

"सापडला!" नाना ओरडले. "हाच आपला पक्का बिंदू!"

वकिलांना जाग आली तेव्हा चहूबाजूंनी टेप लावलेली. "मी उठू का आता?" त्यांनी विचारलं.

"पूर्व बाजू व्हायची हाये," नाना म्हणाले. "पडून राहा."

तो नकाशा अजून कपाटात आहे. मधोमध एक त्रिकोण आणि शेजारी नानांच्या सुंदर अक्षरात लिहिलंय: 'वकील (झोपलेले)'.

* * *

एकदा पलीकडे एक शेतकरी भेटले, बैलगाडीतून चाललेले. नानांनी विचारलं, "दादा, पिंपरी कुठं आली?"

"आज मंगळवार नं? मंगळवारी थे टेकडीच्या मांगं असते. काल इथंच होती."

"मग तुमी घरी कसे जाता?"

"मी कुठं जातो बाप्पा? बैल जाते. मी मांगं बसतो फक्त!"

त्या दिवसाच्या नकाशावर रस्ताच नाही. पिंपरीपुढे फक्त 'बैलाला विचारावे' अशी नोंद आहे. आजवरचा आमचा सर्वांत बिनचूक नकाशा तोच.

* * *

आमच्यात शाई वापरत नाहीत. शिसपेन्सिल आणि खोडरबर, बस्स. खोडरबर तर इतके लागतात, की स्टेशनरीवाला एकदा मला काळजीनं म्हणाला, "सर, तुमच्या शाळेतले लेकरं लयच चुकून राहिले का?"

अमरावतीचे एक इंजिनियर पाहुणे म्हणून आले, त्यांना हे पटेना. "पेन्सिल कसली? मोबाइल आहे ना!" नाला ओलांडून अर्धा तास चाललो आणि मोबाइलमधली बाई भर तुरीत म्हणाली, "आपण पोहोचला आहात."

नानांनी चारी दिशांना पाहिलं. "तिचं झालं पोहोचून," ते म्हणाले. "आपण चाला!"

* * *

आता शेवटचं. वार्षिक सभेच्या आदल्या दिवशी ताई, नाना आणि मी निघालो. आधी दोनदा निंबोळी लांबून दिसली होती, पण जितकं चालावं तितकी ती मागे जायची. या वेळीही दुपारी गिरणीचा पत्रा चमकताना दिसला. दोन तास चाललो. पत्रा होता तितकाच लांब.

नानांचे गुडघे बोलायला लागले. ते हळूच म्हणाले, "शेवंताबाई, सभा उद्या हाये. मीच मोडतो नियम, राहू द्या नाव."

ताई उखडल्या. "मोडू नका! मले दयेचं नाव नोको भिंतीवर. मले माहा भाऊ पायजे." आणि त्यांनी ढेकळांतच फतकल मारली. "सात वर्सं मी चालून राहिली. आता एक पाऊल टाकत नाही. येऊ द्या त्या गावाले!"

आम्हीही बसलो. भाकर-ठेचा खाल्ला. ऊन कलायला लागलं. खरं सांगतो, माझी आशा संपली होती. ताई मात्र पत्र्यावरची नजर काढत नव्हत्या.

मग गिरणीची धडधड ऐकू आली. आधी लांबून, मग जवळून. नाना पेन्सिल काढायचंही विसरले. निंबोळी आली आणि आमच्यापासून दहा पावलांवर थांबली. ताईंना उठता येईना, मी हात दिला.

पारावर पाचसहा माणसं एका भल्यामोठ्या कागदावर वाकली होती. त्यातल्या एकानं मान वर केली. अंगभर पीठ. "शेवंते!" म्हणत तो धावतच आला.

ताई त्याच्या गळ्यात पडून रडल्या. "दादा, कुठं होता रे सात वर्सं?"

"मी कुठं जातो वं? आमी सारे घरीच होतो!" भाऊही रडत होता. "सात वर्सं झाले, तुयी भातकुली हुडकून राहिलो! एका जागी राह्यतच नाही थे!"

मग डोळे पुसून त्यानं पारावरचा तो कागद उचलला आणि नानांपुढे धरला. "तुमी मोजणीवाले दिसता. सांगा बरं, आज कुठं हाये भातकुली?"