पाण्यात पाय

"ज्याला ओकारी यायची असेल त्यानं आधीच दारापाशी बसावं," असे म्हणून ते गोष्ट सुरू करण्याआधी उजव्या हाताची करंगळी नाकासमोर धरत आणि साऱ्या वर्गावरून एकदा नजर फिरवत. दारापाशी कोणीच बसत नसे. उलट मागची पोरे सरकत सरकत पुढे येत.

हे आमचे हेडमास्तर. इंदापूर तालुक्यातल्या एका गावी बोर्डाच्या शाळेत ते होते आणि मी त्यांच्या हाताखाली नवाच लागलेला दुसरा मास्तर. गावाचे नाव मी लिहीत नाही. ते लिहिले तर हे एकाच गावाचे पाप समजून बाकीची गावे हात झटकून मोकळी होतील, आणि तशी सवलत मला कोणालाही द्यायची नाही. त्यांचेही नाव लिहीत नाही. असा एखादा मास्तर तुमच्याही गावात असेल, त्याच्याकडे बघा.

क्रमिक पुस्तकात सद्वर्तनाचा धडा होता. नाक स्वच्छ ठेवावे, नखे कापावीत, वडील माणसांपुढे नम्र असावे. पोरे हा धडा शेंबूड ओढत ओढत एका सुरात म्हणत. मास्तर मला म्हणत, "नियम ह्या कानातनं जातो न् त्या कानातनं निघतो. किळस पोटात ऱ्हाती."

आणि मग ते किळस पोटात घालत. त्यांच्या गोष्टीतल्या नाकपूरच्या राजपुत्राला बाहीने नाक पुसायची सवय होती. बाही वाळून वाळून हलगीसारखी कडक झाली. लग्नात वाजंत्री वेळेवर आले नाहीत, तेव्हा राजाने तीच वाजवून घेतली. पण ऐन मुहूर्ताला घाम सुटला, बाही भिजली आणि अंतरपाटाला चिकटली. भटजी एकीकडून ओढताहेत, मामा दुसरीकडून, मधे लांबच लांब तार लोंबते आहे, आणि खाली नवरी हार घेऊन उभी.

"मास्तर, बास!" कोणीतरी ओरडे.

"बास कसं? अजून जेवणावळ ऱ्हायलीया."

दुसऱ्या दिवशी अर्ध्या वर्गाच्या बाह्या धुतलेल्या असत.

एकदा एक बाई तावातावाने शाळेच्या दारात आली. "मास्तर, काय सांगितलंसा पोराला? काल धरनं माझ्या हातची भाकर खाईना. म्हनतंय, तुझ्या नखात शेणाची म्हातारी ऱ्हाती, ती पिठात मुतती."

"मग म्हातारीला घराबाहीर काढा की, वैनी."

"तुमच्या जिभेला काय हाड हाय का!" बाई म्हणाली, पण बोलता बोलता तिने दोन्ही हात पदराखाली घेतले.

ते स्वतः मात्र तपकीर ओढत. एकदा गोष्ट रंगात आली असताना दुसरीतली एक मुलगी उभी राहिली. ती आबांची नात. आबा म्हणजे गावातले सर्वांत मोठे बागाईतदार. कालव्याखालचा निम्मा ऊस त्यांचा आणि चावडीवर शेवटचा शब्दही त्यांचाच. नात म्हणाली, "मास्तर, तुमच्या मिशीत बी कायतरी हाय."

मला वाटले, आता छडी उठणार. त्यांनी उपरण्याने मिशी पुसली, उपरणे उजेडात धरून पाहिले आणि म्हणाले, "हाय खरं. उद्या माझीच गोष्ट." दुसऱ्या दिवशी तपकिऱ्या मास्तराची गोष्ट झाली. त्याच्या शिंकेने तपासणीला आलेल्या साहेबाच्या पांढऱ्या फेट्याला ठिपके पडले होते. ती मुलगी सगळ्यांत मोठ्याने हसली. मोठ्या माणसाला सांगितले तर मोठा माणूस पुसून घेतो, एवढे ती त्या दिवशी शिकली. तिला हे शिकवणे हाच मास्तरांचा गुन्हा ठरला.

गाव बारवेचे पाणी पीत असे. पायऱ्या उतरायच्या, गुडघाभर पाण्यात उभे राहायचे, घागर बुडवायची. आणि दर उन्हाळ्यात गावात नारू निघे. ज्यांनी नारू पाहिला नाही ते भाग्यवान. पायाला फोड येतो, तो फुटतो आणि आतून पांढऱ्या दोऱ्यासारखा हातभर किडा बाहेर येऊ लागतो. तो काडीला गुंडाळून रोज थोडाथोडा ओढायचा. तुटला तर पाय सडतो.

मी पुण्याहून आरोग्याची पत्रके आणली होती. नारूवाल्याने पाण्यात पाय घातला की किड्याची पिल्ले पाण्यात सुटतात, ते पाणी प्यालेल्याला वर्षभराने नारू होतो, असे त्यांत छापले होते. मी एक पत्रक शाळेच्या भिंतीला डकवले. ते कोणी वाचले नाही. मास्तरांनी वाचले, तपकिरीची चिमूट ओढली आणि म्हणाले, "समदं खरं हाय. पर ह्यात मीठ न्हाय."

त्यांनी मीठ घातले. त्यांचा नारू हा पाहुणा होता. तोंडातून घरात शिरायचा, वर्षभर फुकट जेवायचा, आणि निघताना दरवाजा सोडून पायातून भिंत फोडायचा. बाहेर तोंड काढून म्हणायचा, "बाळंतपणाला जागा दावा, गार पाणी दावा." यजमान बिचारा भिडस्त, तो बारवेत पाय सोडून बसायचा. मग पाहुण्याची हजार पोरे तुमच्या घागरीत उड्या मारायची, आणि तुम्ही ती गटागटा प्यायची. इथे दोन पोरे खरोखरच दाराकडे धावली.

"पाण्यात पाय घालनं म्हंजी दुसऱ्याच्या ताटात पाय घालनं," मास्तर म्हणाले. "सद्वर्तन म्हंत्यात ते हेच."

पोरांनी घरोघर ओकाऱ्या काढून दाखवल्या. महिन्याभरात बऱ्याच बाया वरच्या पायरीवर उभ्या राहून दोरीने घागर सोडू लागल्या. घागरीच्या तोंडाला फडकी बांधलेली दिसू लागली. पत्रकांवर वाढलेला मी. कागदाने जे झाले नाही ते एका घाणेरड्या गोष्टीने झालेले मी पाहिले.

त्या उन्हाळ्यात आबांच्या घोट्याला नारू निघाला. आग फार होई. रोज सकाळी ते बारवेच्या खालच्या पायरीवर बसून तो पाय पाण्यात सोडत. शेजारी बाया पाणी भरत. कोणाची बोलायची छाती नव्हती. त्याच बारवेच्या काठावर, वर उन्हात, अस्पृश्य वस्तीतल्या बाया आणि पोरे रिकामी मडकी घेऊन कोणीतरी वरून पाणी ओतेल म्हणून ताटकळत. त्यांच्या पायाने पायरी बाटत होती. आबांच्या पुवाने पाणी बाटत नव्हते. हा आपला सोवळेपणा!

एका सकाळी नात आईबरोबर पाण्याला गेली. आजोबांना पाहून ती त्यांच्याजवळ गेली आणि म्हणाली, "आबा, पाय वर घ्या. तुमचा पाहुना पोरं टाकतुया. म्या ह्येच पानी पिती."

ती टिंगल नव्हती. आजोबांना शाळेची गोष्ट माहीत नाही, एवढेच तिला वाटले. पण बायांनी तोंडाला पदर लावले, कोणाचे तरी हसू फुटले आणि ते बारवेत घुमले. आबांनी पोरीच्या कानशिलात ठेवून दिली.

संध्याकाळी मास्तरांना चावडीवर बोलावणे आले. मीही गेलो.

"तुमाला पोरांस्नी वळन लावाया ठिवलंय, का थोरामोठ्यांची अब्रू काढाया?" आबांनी विचारले.

"आबा, पोरगी मायेनं बोलली."

"उद्या शाळंत समद्यांम्होरं ती माज्या पाया पडंल. आन् तुमी पोरांस्नी सांगायचं, गोष्ट खोटी व्हती. न्हाईतर बदलीचा अर्ज तयार हाय. आंगठं बी झाल्यात."

बदली म्हणजे काय ते चावडीवर सर्वांना ठाऊक होते. मास्तरांची आई आंधळी होती. त्या घराची चूल, रांजण, उंबरा, परसातली वाट, सगळे तिला हाताने आणि पायाने पाठ होते. नव्या घरात ती पुन्हा आंधळी झाली असती. आबांनी नेमकी तीच जागा दाबली होती.

मास्तर उठले आणि स्वतःच आबांच्या पाया पडले. "अपमान झाला आसंल तर माज्यामुळं झाला. म्या पाया पडलो. पोरगी न्हाय पडनार."

"आन् गोष्ट?"

"गोष्ट खोटीच आसती, आबा. नारू खरा हाय." मग तिथेच मांडी घालून बसत ते म्हणाले, "द्या, पाय हिकडं द्या. फडकं बांधून देतो. पान्यात जाऊ नका, पाया पडलेल्या मानसाचं एवढं ऐका."

आबांनी पाय धोतराखाली ओढून घेतला. मी बोललो. ज्या बारवेवर तहानलेल्या माणसाला पायरी बंद आणि सडक्या पायाला मोकळीक, त्या बारवेवरच्या माणसांनी सद्वर्तनाचे नाव घेऊ नये, असे म्हणालो. "ए, दुसरं मास्तर, खाली बस," कोणीतरी म्हणाले, "मिसरूड तरी फुटू दे." चावडी हसली. चावडी मला हसलेली आबांना चालत होती. बारव त्यांना हसलेली चालत नव्हती.

पावसाळ्याआधी बदलीचा हुकूम आला. मावळात, घाटमाथ्याजवळचे गाव. मी त्यांना भिगवण स्टेशनपर्यंत पोचवायला गेलो. आई बोचक्यावर बसली होती आणि हाताने फलाटाची फरशी चाचपून पाहत होती. शेजारी जरीची टोपी घातलेला एक गृहस्थ पान खाऊन पिचकाऱ्या मारत होता. मास्तरांची करंगळी हळूहळू नाकासमोर आली. गाडीची वाट पाहणारी दोन पोरे त्यांच्याकडे बघू लागली.

"गप रं," आंधळी आई म्हणाली. तिला पिचकारीही ऐकू आली होती आणि मुलाचे गप्प बसणेही. "हितनं बी बदली व्हईल."

ते खो खो हसले. त्यांना मी पाहिले ते शेवटचेच. त्या वर्षीच्या पावसात हिवतापाने ते त्या घाटमाथ्याच्या गावीच वारले. आईचे पुढे काय झाले ते मी पुष्कळ विचारले. कोणाला सांगता आले नाही.

शाळेत नवे हेडमास्तर आले. ते सद्वर्तनाचा धडा हाताची घडी घालून म्हणून घेत. वडील माणसांपुढे बोलू नये, विचारल्यास नम्रपणे थोडक्यात उत्तर द्यावे. गावाला ते फार आवडले. बाया पुन्हा पाण्यात उतरू लागल्या.

पुढच्या चैत्रात दुसरीतून तिसरीत गेलेली आबांची नात शाळेत येईना, म्हणून मी तिच्या घरी गेलो. ती सोप्यात घोंगडीवर पडली होती. पोटरी सुजून चकाकत होती आणि घोट्याजवळ पांढरा दोरा गुंडाळलेली काडी होती. आबा स्वतः तिच्या पायाशी बसून, श्वास रोखून, ती काडी अर्धा वेढा फिरवत होते. पोरीच्या डोळ्यांतून पाणी वाहत होते.

"लई दुखतंय का गं, बाय?" आबांनी विचारले.

तिने पडल्या पडल्या हाताची घडी घातली आणि म्हणाली, "न्हाय, आबा."