माझं प्रॉम्प्टिंग, त्याचं नाव

नजर लागणं, करणी, झपाटणं — मी यातलं काहीच मानत नाही. बायको मीठ-मोहऱ्या ओवाळते तर मी हसतो. आता जे सांगून राहिलो, त्यात तर नजर लावणारा मीच आहो, म्हणून खोटं बोलायचं कारण नाही.

आम्ही भिलाईचे. आजोबा भंडाऱ्याकडून इथल्या स्टील प्लांटात कामाले आले, मीही प्लांटातच क्रेन चालवतो. मरोदा सेक्टरात क्वार्टर आहे. सुध्या क्वार्टरांच्या माझ्याच लाइनीत वाढला, आज मुंबईत मोठा डायरेक्टर आहे. कॉमेडी सीरियल म्हणा, सासू-सुनेची म्हणा, देवादिकांची म्हणा. मारधाडीचा पिक्चर, भुताचा पिक्चर, मधातच एक छत्तीसगढी पिक्चर... ज्याले हात लावला ते चाललं. पेपरवाले त्याले ‘अष्टपैलू’ म्हणतात. मी वाचतो आन् माझ्या पोटात दुखते. खरं ते खरं.

कावून, ते सांगतो. गणपतीत आमच्या मंडळाचं नाटक व्हायचं. सगळे शिफ्टवाले — कोणी फर्स्टले, कोणी सेकंडले. तालमीले पूर्ण पात्रं कधी जमलीच नाही, पाठांतर कोणाचंच नाही. अख्खं नाटक प्रॉम्प्टरच्या भरोशावर, आन् प्रॉम्प्टर मी! नुसते संवाद नाही. ‘आता वळ’, ‘आता बस’, ‘थांब, टाळ्या होऊ दे’ — सगळं विंगेतून मी सांगायचो. बोर्डावर मात्र ‘दिग्दर्शक’ म्हणून नाव सुध्याचं. हार त्याले, चहा मले. आयत्या बिळात नागोबा!

ती सवय माझ्या जिभेवरून गेलीच नाही. सुध्याची सीरियल लागली की मी टीव्हीसमोर पुटपुटतो. एकदा हिरोइन नवऱ्याचं घर सोडून निघाली होती. मी म्हटलं, “वळू नको बाई. आधी दाराची कडी नीट लाव.”

बाई वळली नाही. तिनं कडी नीट लावली, मंगच गेली.

“पाह्य कुंदा,” मी बायकोवर ओरडलो, “माझं डोकं चोरते हा!”

“तुम्ही जेवा नं गुपचूप,” कुंदा म्हणाली. “भात थंडा होऊन राहिला.”

पुढं सुध्या बहिणीकडे भिलाईले आला, तेव्हा एका दुपारी आमच्याकडे चहाले आला. कपबशी खाली ठेवून म्हणते, “बंडू, हे ऐक. हसू नको.”

मोबाइलमध्ये त्याच्या सेटवरचं रेकॉर्डिंग होतं. आधी शांतता. मंग माझा आवाज, एकदम साफ... “वळू नको बाई. आधी दाराची कडी नीट लाव.” मंग माझं ओरडणं. आन् शेवटी कुंदा — “भात थंडा होऊन राहिला.”

कुंदाच्या हातातली गाळणी खाली पडली.

“हे शूटिंगच्या दिवशीचं आहे,” सुध्या म्हणाला. “एपिसोड टीव्हीवर आला, त्याच्या कितीतरी आधीचं. मशीनमध्ये हे एकदाच सापडलं. पण मले पहिल्या सीरियलपासून ऐकू येते बे. तू सांगते, तसं मी करतो.”

म्हणजे मी घरात बोललो त्याच्या आधीच माझं बोलणं मुंबईले पोहोचलं होतं! अंगावर काटा आला, नाही म्हणत नाही. पण काट्याच्या वर राग आला.

“मंग अवॉर्ड घेताना सगळ्याईचं नाव घेतलं, माझं कावून नाही घेतलं?”

सुध्या खाली पाहत म्हणाला, “काय सांगू लोकाईले? भिलाईतून आवाज येते म्हणून?”

त्याच दिवशी ठरवलं — आता तोंड बंद. पाहू दे कसा होते अष्टपैलू!

त्याचा नवीन पिक्चर लागला तेव्हा आम्ही पहिल्याच दिवशी दुपारच्या खेळाले गेलो. मी तोंडात रुमाल कोंबून बसलो. कुंदा म्हणे, “लोकं पाहून राहिले.” तोंडात रुमाल, म्हणून मी मानेनंच सांगितलं, पाहू दे.

शेवटच्या सीनमध्ये बाप पोरासमोर उभा होता. माफी मागायची होती त्याले. वाक्य माझ्या दातापर्यंत आलं... नाही बोललो. पडद्यावरचा बापही बोलला नाही. नुसत्या पोराच्या शर्टाच्या गुंड्या लावत राहिला. लावत राहिला. सीन संपेचना! मले वाटलं, गेला! पडला पिक्चर! मनात नुसत्या उकळ्या फुटून राहिल्या होत्या.

मंग बाजूनं नाक ओढल्याचा आवाज आला. पाह्यलं तर कुंदा रडून राहिली होती. समोरची रांगही. मागची रांगही.

संध्याकाळी सुध्याचा फोन आला. “बंडू, ह्या वेळी शूटिंगले तू बोललाच नाही बे! शेवटच्या सीनले मी तुझी वाट पाहत राहिलो, कट म्हणायचंच राहून गेलं. आन् लोकं म्हणून राहिले, असा सीन आजपर्यंत कोणी केला नाही!”

मी फोन ठेवून दिला.

हे काय आहे, मले आजही समजलं नाही. वाचणाऱ्यांपैकी कोणाले समजत असेल तर सांगा. मी बोललो तर त्याचं नाव होते. आन् चूप बसलो, तर त्याहून जास्त होते.