दोन्ही पाय सारखे

आमच्या व्यायामशाळेत त्याला सगळे मामा म्हणायचे. सख्खा मामा तो एकीचाच, पण ती शाळकरी वयापासून तिथेच घाम गाळत वाढली आणि तिचं ऐकून बाकीच्यांनीही तेच सुरू केलं. मी त्याच्याहून सहा वर्षांनी मोठा, तरी मीही मामाच म्हणायचो. मी तिथला मालिशवाला. खेळाडूंच्या मांड्या-पोटऱ्या चोळण्यात माझी हयात गेली. तेव्हा मामाबद्दल जे सांगेन त्यात थोडा आकस असणार, हे आधीच कबूल करून टाकतो.

तरुणपणी मामा वजनं उचलायचा. त्याच्या गुरूने दमलेल्या मामाला दामटून दामटून एका दुपारी त्याची कंबर कायमची कामातून घालवली. तेव्हापासून मामाने एकच ध्यास घेतला: खेळाडू थकलाय हे तो मोडायच्या आधी कळलं पाहिजे. मग एक डबी आली. डबी जमिनीवर ठेवायची, तिच्यातली दोरी वजनाच्या दांड्याला अडकवायची, की दांडा किती वेगाने वर गेला ते हातात मावेल अशा पडद्यावर उमटतं. आज किती किलो उचललं, हे मामा विचारायचाच नाही. वेग पहिल्या खेपेपेक्षा पाचव्या हिश्शाने पडला की म्हणायचा, ठेव खाली. धिप्पाड गडी हुज्जत घालायचे, अजून दम आहे म्हणून गयावया करायचे, पण मामा ढिम्म.

पुढे दोन पाट्या आल्या. दोन पाय दोन पाट्यांवर ठेवून उभी उडी मारायची. कोणता पाय जमिनीला किती जोराने रेटतो ते कळतं. दोन्ही पायांत दहा टक्क्यांहून जास्त फरक दिसला की त्या खेळाडूला धावपट्टी बंद. त्याच्या हाताखाली दहा वर्षांत एकही जण जायबंदी झाला नाही, हे मला नाइलाजाने मान्य करावं लागतं.

पण एकदा मी एका धावपटूची पोटरी चोळताना मामाला म्हणालो की हिला दोन दिवस विश्रांती दे, माझ्या बोटांना गाठ लागतेय. मामाने पडदा बघितला आणि सगळ्यांसमोर म्हणाला, "तुमच्या बोटांवर आकडे नसतात हो." लोक हसले, मीही हसलो. ते बोलणं मात्र माझ्या मनात घर करून राहिलं.

भाची तिहेरी उडी मारायची. चोवीस वर्षांची. संघात एकच जागा होती, आणि निवड चार वर्षांतून एकदा. मागच्या खेपेला ती चार बोटांनी हुकली होती. यंदा नाही तर कधीच नाही, असं ती स्वतःच म्हणायची आणि मामालाही मनातून तेच वाटत होतं.

निवडीच्या तीन आठवडे आधी ती माझ्या टेबलावर आली, तेव्हा डाव्या गुडघ्याच्या वाटीखाली हात ठेवताच चटका बसला. जरा दाबलं तर तिने ओठ चावला. "काका, मामाला सांगू नका," म्हणाली. "तो मला बसवून ठेवेल."

मी तेव्हाच उठून मामाकडे जायला हवं होतं. नाही गेलो. मनात म्हटलं, आपल्या बोटांवर कुठे आकडे आहेत, त्याच्या पाट्याच त्याला सांगतील. खरं सांगतो, मला थोडी मजाही वाटली. आज ते आठवलं की माझी मलाच शिसारी येते.

पाट्या सांगणार कशा? पोरगी मामाच्याच तालमीतली. मामा आधी फरक बघतो, हे तिला पाठ होतं. डावा पाय रेटेना, म्हणून तिने उजवाही कमी रेटायला सुरुवात केली. सकाळी सगळ्यांच्या आधी येऊन, पडद्याकडे बघत बघत, उजव्या पायाला तिने डाव्याइतकं अशक्त व्हायला शिकवलं. शेवटच्या तपासणीत फरक आला एक टक्का. उडीची उंची मात्र चार सेंटीमीटरने घटली होती. मामाने ती बघितली. भाची म्हणाली, आठवडाभर अंगात कणकण होती, आणि त्याचं तेवढ्यावर समाधान झालं. दुसरं कुणी असतं तर त्याने उलटसुलट दहा प्रश्न विचारले असते. भाचीला एकही विचारला नाही. उलट पडदा घेऊन माझ्यापर्यंत आला, "बघा, दोन्ही पाय सारखे," म्हणाला. मी ब्र काढला नाही.

निवडीच्या दिवशी, दुसऱ्या उडीत, ती डाव्या पायावर उतरली आणि तिथेच बसली. गुडघ्याखालचा स्नायुबंध तुटल्याचा आवाज मला कुंपणाबाहेर ऐकू आला.

दवाखान्यात तिने सगळं सांगून टाकलं. तिची आई, म्हणजे मामाची थोरली बहीण, त्याला एवढंच म्हणाली, "तुझ्या मशीनला कसं नाही रे कळलं?"

"मशीनला कळलं होतं, ताई," मामा म्हणाला. "उंची समोर दिसत होती. मलाच बघायची नव्हती."

मग बाहेरच्या बाकावर मीही माझं सांगितलं. तो म्हणाला की तुम्ही सांगितलं असतंत तरी मी ऐकलं नसतं. त्याने दोन शिव्या हासडल्या असत्या तर मला झोप तरी आली असती.

याला आता दीड वर्ष झालं. दोन शस्त्रक्रिया झाल्या. डॉक्टरांनी उडीचं नाव काढू नका म्हणून सांगितलं. भाचीने ते मानलं, एका दुकानात कामाला लागली. मामाने मानलं नाही. दर सोमवारी तो तिला बोलावतो आणि पाट्यांवर उभं करतो. तीही त्याचं मन मोडवत नाही म्हणून येते. डावा पाय उजव्याच्या निम्म्यावर आहे. सहा महिने तिथेच आहे.

परवाच्या सोमवारी मी टेबल पुसत होतो. तिने उडी मारली. पूर्ण जोर लावलास का, त्याने विचारलं. ती हो म्हणाली. त्याने परत मारायला सांगितलं. असं सहा वेळा झालं. मग मामा कंबर सांभाळत तिच्या पायाशी खाली बसला आणि अगदी हळू आवाजात म्हणाला, "तू मुद्दाम कमी रेटतेस ना गं, तेव्हासारखं? खरं सांग. मी रागावणार नाही."

तिने हो म्हणावं म्हणून तो तिच्या तोंडाकडे बघत राहिला. तिने त्याच्या खांद्यावर हात टेकला आणि जपून एकेक पाय पाटीवरून खाली घेतला.

"नाही रे मामा," ती म्हणाली. "एवढाच उरलाय."