भागिरथाबाई आणि जाहिरातीची फुली

कामरगावच्या शाळेत खिचडी शिजवणाऱ्या भागिरथाबाईंचा आवाज मोठा होता. जेवणाच्या सुट्टीत त्यांनी एकदा "बसा रे ओळीनं" म्हटलं की पटांगणाच्या दुसऱ्या टोकाला नळावर भांडणारी पोरंही ताटल्या घेऊन मुकाट्याने येऊन बसत. घरीही तसंच. नवरा देवमन गवंडीकाम करायचे, स्वभावाने मितभाषी. त्या दोघांच्या संसारात बोलायचं काम बाईंचं आणि हूं म्हणायचं देवमनचं, अशी वाटणी कधीचीच होऊन गेली होती.

गेल्या आषाढात एका सकाळी शाळेच्या स्वयंपाकघरात डाळ धुताना बाईंच्या हातातला गंज, म्हणजे डाळीचं मोठं पातेलं, निसटला. डाळ फरशीवर पसरली. त्या उचलायला वाकल्या त्या तिथेच बसल्या. हेडमास्तरांनी लगेच गाडी काढली, म्हणून अमरावतीच्या दवाखान्यात वेळेवर पोचल्या. लकवा होता, जीव मात्र वाचला. पण उजवा पाय ओढत चालावं लागे, उजव्या हाताची बोटं आखडली होती, आणि बोलणं गेलं होतं. अगदीच गेलं नव्हतं. शब्द निघत, पण एकमेकांत कालवलेले.

भेटायला येणारी माणसं खाटेजवळ बसत, बाईंचं बोलणं जरा वेळ ऐकत आणि मग देवमनकडे वळून विचारत, "काय म्हंते हो हे?" बाई समोरच असत. असं चार-दोनदा झालं आणि त्यांनी बोलणंच सोडलं. पाणी पाहिजे तर माठाकडे बोट, पंखा पाहिजे तर वर बोट. घर एकदम शांत झालं.

कारंज्याला व्यायाम शिकवणाऱ्या मॅडम होत्या. त्यांनी दाबायला रबरी चेंडू दिला आणि बजावलं, की बोटं हलती ठेवा, नाहीतर अशीच राहतील. बाईंनी थोडे दिवस चेंडू दाबला. मग तो खाटेखाली गेला तो तिथेच राहिला. देवमन रोज काढून देत, बाई रोज खाली टाकत.

सून पल्लवी अंगणवाडी सेविका. तिचा नवरा संघदीप अमरावतीला कंपनीत, शनिवारी घरी यायचा आणि बाकीच्या दिवशी संध्याकाळी व्हिडिओ कॉल करायचा. सासूचा मोबाईल त्या कॉलपुरताच वापरात होता. पल्लवीने त्याच्यात एक खेळ टाकून दिला. काचेच्या उभ्या बरण्या, त्यांत रंगीबेरंगी गोट्या. एका बरणीतली वरची गोटी उचलून दुसरीत टाकायची, असं करत करत एकेका बरणीत एकाच रंगाच्या गोट्या आणायच्या.

"आत्याबाई, बोटानं दाबून पाहा. डाव्या हातानं नाई हं, उजव्या."

बाईंनी तोंड वाकडं केलं. पण पल्लवी अंगणवाडीत गेल्यावर देवमनने पाहिलं, की बाई खाटेवर उशीला टेकून बसल्यात, डाव्या हातात मोबाईल धरलाय आणि उजव्या हाताची तर्जनी मोठ्या कष्टाने सरळ करून गोट्या हलवतायत. दुपारी त्यांना जेवायला हाक मारावी लागली.

पुढचे काही आठवडे बरे गेले. तर्जनी सैल झाली, मागून मधलं बोटही हलायला लागलं. मॅडम म्हणाल्या, "काय करताय ते करत राहा."

अडचण होती ती जाहिरातींची. एक डाव जिंकला की जाहिरात. हरला तरी जाहिरात. सोन्याच्या दुकानाची, पत्त्यांच्या जुगाराची, उडत्या राजवाड्याच्या दुसऱ्याच कुठल्या खेळाची. ती बंद करायची फुली कोपऱ्यात, मोहरीएवढी, आणि तीही लगेच दिसत नसे. धडधाकट माणसाचंही बोट तिच्यावर नीट बसत नाही. बाईंचं थरथरतं बोट फुलीच्या शेजारी पडे आणि भलतंच पान उघडे. काही जाहिरातींत तर फुली नुसती चितारलेली, तिच्यावर बोट ठेवलं की जाहिरात आणखी मोठी होई. मोबाईलमध्ये कुणी न मागितलेले खेळ आणि ॲप येऊन बसायला लागले. पल्लवी आठवड्यातून एकदा ते झाडून काढायची.

आश्विनात वर्षावासातलं बुद्धाच्या ग्रंथाचं वाचन एका संध्याकाळी त्यांच्या घरी होतं. अंगणात सतरंज्या टाकल्या, वस्तीतल्या बाया-माणसं आली. बाई दाराजवळ खुर्चीवर बसल्या होत्या. वाचन लांबलं तसा त्यांनी हळूच मोबाईल काढला. खेळाचा आवाज पल्लवीने आधीच बंद करून ठेवलेला होता. पण जाहिरातीला तो बंद लागू नव्हता. सगळे कान देऊन ऐकत असताना मोबाईलमधून एक बाई खच्चून ओरडली, "या! खेळा! लाखो जिंका!"

सगळ्यांनी माना वळवल्या. बाईंनी फुलीवर बोट मारलं, ते बाजूला लागलं. आता मोठ्या आवाजात गाणं सुरू झालं. पुन्हा मारलं, पुन्हा बाजूला. वाचणारा थांबला. बाईंनी मोबाईल पदराखाली घातला, तर तो पदराखालून वाजत राहिला. मागे कुणीतरी फिसकन हसलं. "मी जुगार खेळत नव्हते" एवढं साधं वाक्य बाईंना म्हणायचं होतं. तोंड उघडलं, पण जे निघालं ते कुणालाच कळलं नाही. पल्लवीने धावत येऊन मोबाईल बंद केला.

त्या संध्याकाळनंतर बाईंनी मोबाईलला हात लावला नाही. चेंडूलाही नाही. बोटं पुन्हा आत वळायला लागली. पुढच्या खेपेला मॅडमनी हात पाहिला आणि देवमनलाच बोल लावले, "आजोबा, आलेलं परत घालवून बसलात तुम्ही."

देवमनला ते लागलं. परतताना ते बसस्टँडवरून बाईंना घरी सोडून थेट हरीओमच्या मोबाईलच्या दुकानात गेले. जन्मभर त्यांनी ओळंबा आणि थापी सोडून कुठलं हत्यार हाताळलं नव्हतं. मोबाईल टेबलावर ठेवून म्हणाले, "याच्यातल्या जायराती काढून दे."

"काका, खेळवाल्याले ऑनलाइन पैसे भरले तं जायराती बंद होतात," हरीओम म्हणाला. "तुमचं खातं जोडा लागीन मोबाईलले."

"खातंबितं काई जोडाचं नाई."

"मंग जायराती अडवाचं एक ॲप आहे, थे टाकून देतो."

हरीओमच्या मनात काही वाकडं नव्हतं. त्याने दिसलं ते पहिलं ॲप टाकून दिलं. देवमन घरी आले, बाईंच्या हातात मोबाईल ठेवला. "घे. आता नाई येत."

बाईंनी आधी मोबाईल उलटापालटा करून पाहिला. मग मोबाईल उघडला. खेळ सुरू करायच्या आतच, मोबाईलच्या पहिल्याच पानावर भली मोठी जाहिरात उभी राहिली. ती घालवली तर दुसरी. जाहिराती अडवायला आणलेलं ॲप स्वतःच जाहिराती घेऊन आलं होतं. आता खेळ उघडायचीही गरज नव्हती, मोबाईल हातात घेतला की पुरे.

त्याच दिवशी संघदीपचा कॉल आला. कॉल वाजतोय आणि त्याच्यावर शँपूची जाहिरात. बाईंनी उचलायला बोट लावलं आणि कॉल कटला. पुन्हा आला, पुन्हा कटला. बाईंनी मोबाईल भिंतीवर फेकला. तो गादीवर पडला म्हणून फुटला नाही. मग बाई रडल्या. दवाखान्यातून आल्यापासून पहिल्यांदाच.

देवमन उंबऱ्यात बसून राहिले. पल्लवी आली तेव्हा म्हणाले, "म्याच केलं व हे. आता तूच पाह्य."

अंगणवाडीचं सगळं काम मोबाईलवर झाल्यापासून पल्लवीचे अर्धे दिवस सेटिंगशी भांडण्यात जात. ती मोबाईल घेऊन बसली. जाहिरात समोर आली की ती कोणत्या ॲपमधून येतेय ते शोधायचं, आणि ते ॲप काढायचं. हरीओमने टाकलेलं तर गेलंच, त्याच्यासोबत पाहुण्यासारखी येऊन राहिलेली आणखी काही गेली. एकाचं तर चित्रही दिसत नव्हतं, नुसती रिकामी जागा. तेही तिने शोधून काढलं.

मोबाईल निवळला. राहिल्या त्या खेळातल्या जाहिराती. पल्लवीने नेट बंद केलं आणि खेळ सुरू केला. एक डाव, दुसरा, तिसरा. जाहिरात आली नाही.

"आत्याबाई, जायराती नेटवरून येतात. नेट बंद तं थे बंद. खेळाच्या आंधी हे दोन बाण दाबाचे, झालं की परत दाबाचे."

बाईंनी मान हलवली. पण दुसऱ्याच दिवशी खेळ संपवून त्या बाण दाबायला विसरल्या. संध्याकाळी संघदीपचा व्हिडिओ कॉल लागेना, साधा फोन केला तर बाईंनी गोट्यांच्या नादात तो बाजूला सारला. पल्लवी मीटिंगसाठी कारंज्याला गेलेली, देवमन मोबाईल ठेवत नसत. आईला पुन्हा काही झालं की काय म्हणून त्याने शेजाऱ्याला फोन केला, शेजारी पळत आला, तर बाई आरामात गोट्या लावत बसलेल्या.

"असं नाई चालत," पल्लवी घरी आल्यावर म्हणाली. दोन दिवस तिने सवडीने शोधलं. शेवटी त्या मोबाईलमध्ये एका ॲपपुरतंच नेट तोडायची सोय सापडली. बरण्यांच्या खेळाचं नेट तिने कायमचं बंद केलं, बाकी सगळं चालू ठेवलं. आता बाईंना काही दाबायचंही नव्हतं आणि आठवणीतही ठेवायचं नव्हतं. कॉल येत होते, जाहिराती येत नव्हत्या.

एक गोष्ट मात्र बदलली. पूर्वी डाव अडला की जाहिरात पाहायची आणि खेळ एक जास्तीची रिकामी बरणी देई. आता नेट नाही, जाहिरात नाही, तर बरणीही नाही. पुढचे डाव अवघड होत गेले. एका डावावर बाई सकाळपासून अडून बसल्या होत्या. देवमन शेजारी सुपारी कातरत होते. न राहवून त्यांनी मान पुढे केली.

"हे लाल उचल. त्या कोपऱ्यातल्या बरनीत टाक."

बाईंनी नाही म्हणून मान हलवली.

"अवं टाकून तं पाह्य." आणि त्यांनी स्वतःच बोट पुढे केलं.

"थांबा!" बाई ओरडल्या. "लाल नाई. हिरवी. हिरवी आंधी!"

शब्द थोडे घसरले, पण प्रत्येक वेगळा होता. चुलीपाशी बसलेल्या पल्लवीला आतून नीट ऐकू आलं. ती हातातली भाकर तव्यावर टाकायची थांबली.

"हिरवी कायले?" देवमनने विचारलं.

"खाली लाल हाय. दिसत नाई तुमाले?"

देवमनला दिसत होतं की नाही कोण जाणे. ते म्हणाले, "मले तं नाई पटत." मग बाईंनी त्यांना पटवलं. अडखळत, मध्येच थांबून, राग आला की मांडीवर हात आपटून. तो डाव सुटायला दुपार झाली.

त्यानंतर हे रोजचं झालं. देवमन चुकीची गोटी सांगत, बाई खेकसत. शेजारच्या बाया म्हणायच्या, "भागिरथाबाई भांडून राह्यल्या वाट्टे." देवमन खरंच चुकत होते की मुद्दाम, हे पल्लवीने एकदा विचारलं. "मले कुठं येते थो खेळ," एवढंच बोलून ते उठून गेले.

उन्हाळ्यापर्यंत बाई पोलक्याची बटणं स्वतः लावू लागल्या, चमच्याने जेवू लागल्या. भरलेला गंज उचलणं मात्र आता जमणार नाही, असं मॅडमनी स्पष्ट सांगितलं. शाळेत त्यांच्या जागी वर्षाराणी लागली. बाई एकदा जाऊन तिची खिचडी खाऊन आल्या. दोन दिवस घरात गप्प होत्या. मग पुन्हा देवमनशी सुरू झाल्या.

परवा दोघं मॅडमकडे निघाले होते. कारंज्याच्या गाडीत बाईंच्या शेजारी एक अनोळखी बाई बसली. तिच्या मोबाईलवर फळं कापायचा खेळ, आणि दर घडीला जाहिरात. ती फुली शोधून शोधून वैतागली होती.

भागिरथाबाई जरा वेळ पाहत राहिल्या. मग म्हणाल्या, "नेट बंद करा बाई. मंग नाई येत थे."

देवमनने सवयीने तोंड उघडलं होतं, बायको काय म्हणते ते सांगायला. पण ती बाई आधीच विचारत होती, "अस्सं का? कोठून बंद करू?"

"अठी. वरून खाली वढा. हे दोन बान. दाबा."

तिने दाबलं. खेळ सुरू झाला, एक फेरी झाली, दुसरी झाली. "आलीच नाई की हो," ती म्हणाली. "कोनतं गाव तुमचं?"

"कामरगाव," भागिरथाबाई म्हणाल्या. मग शाळा, खिचडी, आजारपण, पल्लवी असं एकामागून एक निघालं. मध्येच एखादा शब्द अडे, ती बाई थांबून राही. देवमन खिडकीकडे तोंड करून बसले होते. कारंजा येईपर्यंत त्यांना बोलायला जागाच मिळाली नाही.