बिनअंगठ्याचं माकड

सावनेरच्या जिनिंगमध्ये, कापसाच्या यंत्रात, बाबांच्या उजव्या हाताचा अंगठा गेला, तेव्हा मी शाळेत होते. त्यानंतर ते पंगतीत बसेनात. घरी चमच्याने जेवायचे, कुणाच्या लग्नात गेले की आज उपास आहे म्हणायचे. संत्रंही सोडलं. आंबट लागतं म्हणायचे. आई म्हणे, इतके उपास तर देवळातला पुजारीही धरत नसेल.

माझं लग्न ठरलं आणि आईचा जीव टांगणीला लागला. व्याहीभोजनात आमच्याकडे दोन्ही व्याही शेजारी बसून एकमेकांना हाताने घास भरवतात. तिथे उपासाचं सोंग चालणार नव्हतं. आपल्या जागी मोठे काका बसतील, असं बाबांनी सांगून टाकलं. मला रडू आलं. मला तिथे माझेच बाबा हवे होते.

त्याच उन्हाळ्यात एका दुपारी, कूलरच्या घरघरीवर ताण म्हणून टीव्ही मोठा करून, बाबा दक्षिण अमेरिकेतलं जंगल बघत बसले होते. पडद्यावर स्पायडर मंकी होतं. लांबच लांब हातपाय, शेपटीने फांदीला लटकलेलं. हिंदीत सांगणारा माणूस म्हणाला की या माकडाला अंगठा जवळजवळ नसतोच. बाबा खुर्चीत पुढे सरकले. माकडाने चार बोटांचा आकडा करून फांदी ओढली आणि फळ खाल्लं.

"पाह्य वं," बाबांनी आईला हाक मारली, "याले आंगठाच नाही. तरी कसं मजेत खाऊन राहिलं."

त्या दिवशी जेवताना त्यांनी चमचा बाजूला सारला. निम्मा वरणभात ताटाबाहेर गेला. मग लग्नापर्यंत रोज हाच उद्योग. शेपटी फुटली की सांगा, असं मी चिडवायची.

व्याहीभोजनाला बाबांनी बुंदीच्या लाडवाचा तुकडा दोन बोटांच्या बेचक्यात धरला. "घ्या, याहीबुवा," म्हणाले. अर्धी बुंदी माझ्या सासऱ्यांच्या मिशीत अडकली आणि सगळ्यांच्या आधी बाबाच हसले.

बाबा आता नाहीत. मोबाईलवर ते माकड दिसलं की मी बघत बसते. परवा संत्री आणली, तेव्हा अंगठा मुडपून चार बोटांनीच एक सोलायला घेतलं. रस कोपरापर्यंत ओघळला, साल काही निघेना. बाबांची फार आठवण आली. शेवटी कशीबशी एक फोड सुटली, ती तोंडात टाकली.

गोड होती.